डाव्या हाताने दिलेलं पाणी

घानाचे दिग्दर्शक स्वतः नाशिकला येतायत हे कळलं, तेव्हाच माझ्या मनात पाल चुकचुकली. इतक्या वर्षांत हा माणूस इकडे कधी आला नव्हता. कुरियरने हार्ड डिस्क यायच्या, फोन यायचे, ख्रिसमसला नाताळबाबाचं नाचतं चित्र यायचं. माणूस नाही. आणि आता सिनेमा जवळजवळ कापून झाल्यावर म्हणे, "सिस्टर, मी येतो. शेजारी बसून संपवू." संपवायला शेजारी बसावं लागतं होय? मग आधीचे सगळे कसे संपले?

नवरा म्हणाला, "अगं, येऊ दे की. पाहुणाच आहे, धाड थोडीच पडतेय?"

त्याचं काय जातंय म्हणायला. तो अंबडच्या एका कारखान्यात तपासणी विभागात आहे. दिवसभर मायक्रोमीटर लावून लोकांच्या मालाला नाही म्हणतो, आणि घरी येताना भाजीवाल्याने दिलेला सडका टोमॅटो हसत हसत पिशवीत टाकून आणतो. घरासाठी लागणारा संशय सगळा माझ्या वाट्याला आलाय.

मी फिल्म एडिटर आहे. गंगापूर रोडला आमच्या फ्लॅटमधली मागची खोली हीच माझी एडिट रूम. नाशिकमध्ये एडिटर म्हटलं की लोक आधी विचारतात, लग्नाचे व्हिडिओ का? नाही म्हटलं की विचारतात, मग सिरीयल? पश्चिम आफ्रिकेतले सिनेमे म्हटलं की गप्प बसतात आणि जरा मागे सरकतात. सोसायटीच्या ग्रुपवर परदेशी लॉटरीच्या फसवणुकीचा मेसेज फिरायला लागला की तो वेगळा मला पाठवतात. खाली लिहितात, "ताई, जपून." मी हात जोडल्याचं चित्र पाठवते. दुसरं काय करणार?

हे काम माझ्या गळ्यात पडलं ते मुंबईत. तेव्हा मी सिरीयल कापायचे. हे दिग्दर्शक त्यांचा सिनेमा घेऊन आमच्या स्टुडिओत आले, कारण इथे काम स्वस्तात व्हायचं. भाषा कुणालाच येत नव्हती. मोठ्या एडिटरांनी नाकं मुरडली आणि नव्या पोरीच्या पुढ्यात ते डबडं ढकललं. मलाही भाषा येत नव्हतीच. सोबत इंग्रजी भाषांतराचे कागद होते, पण कागद एक सांगायचे आणि माणसं दुसरंच बोलायची. मग मी कागद बाजूला ठेवले आणि माणसांचे गळे बघायला लागले. बोलणं संपलं की माणूस श्वास सोडतो. खोटं बोलला असेल तर जरा उशिरा सोडतो. नाशकात काय नि घानात काय, त्यात फरक नाही.

तरी पहिल्याच सिनेमात मी माती खाल्ली. त्यात दर दोन प्रसंगांनी कुणीतरी कुणाच्या तरी घरी यायचं, पाणी प्यायचं, बसायचं, घरच्यांची विचारपूस व्हायची, आणि मग कामाचं बोलणं. मी सिरीयलच्या सवयीने ती सगळी पाणीपाण्याची दृश्यं उडवली. माणूस दारात आला की थेट मुद्द्यावर. दिग्दर्शकांनी बघितलं आणि डोक्याला हात लावला. म्हणाले, "आमच्याकडे पाणी प्यायच्या आधी कुणी कामाचं बोलला, तर घरातले रडायची तयारी करतात. तू माझ्या सगळ्या माणसांना मयताचा निरोप देऊन पाठवलंस." बोलणं इंग्रजीत झालं होतं, पण मला ते मराठीतच आठवतं.

ते पाणी मी परत जोडलं. तेव्हापासून त्यांचे सगळे सिनेमे माझ्याकडेच आले. त्यांच्या शब्दावर सेनेगलचे आले, मालीचे आले, नायजेरियाचे तर बरेच. नवऱ्याची नोकरी इकडे लागली तशी मी खोली उचलून नाशिकला आणली. ज्या गावांतल्या गल्ल्या मला तोंडपाठ आहेत तिथे माझं पाऊल कधी पडलेलं नाही. एका बाजाराच्या चौकातला लंगडा कुत्रा मी चार सिनेमांत ओळखलाय.

माझा संशयही या धंद्यातलाच. एडिटरला ते दिसतं जे कुणाला दिसायला नको असतं. 'अॅक्शन'च्या आधीचं आणि 'कट'च्या नंतरचं. पडद्यावर गळ्यात गळे घालणारी जोडी 'कट' म्हटल्याबरोबर कशी तोंडं फिरवते ते मला ठाऊक असतं. अशी वर्षं काढल्यावर नणंद "वहिनी, किती छान झालंय हो पिठलं" म्हणाली, तरी मी तिच्या गळ्याकडे बघते. कर्म माझं!

या वेळचा सिनेमा मात्र वेगळा होता. रस्त्याकडेला एकटी राहणारी एक म्हातारी, आणि तिच्या दारात येणारी माणसं. येईल त्याला ती पाणी देते, बस्स, एवढीच गोष्ट. म्हातारीचं काम दिग्दर्शकांच्या आईनेच केलं होतं. जन्मात कॅमेरा न बघितलेली बाई, पण अशी बसते की बघणाऱ्याने उठून तिच्या अंगावर शाल घालावी. शूटिंग संपलं आणि थोड्याच दिवसांत ती गेली. म्हणजे काही चुकलं असेल तर ते पुन्हा घेता येणार नव्हतं. जे होतं ते माझ्या डिस्कवर होतं.

हा सिनेमा मला कुणाला द्यायचा नव्हता. स्पष्टच सांगते. वय झालं, तिकडे आता भाषा येणारी, चटपटीत हाताची पोरंपोरी तयार झाली आहेत आणि निर्माते विचारायला लागलेत, नाशिक कुठे आलं? त्यांचं चूक नाही. पण असं काम पुन्हा माझ्या दारात येणार नव्हतं. आणि हा माणूस एवढ्या लांबून येतोय तो डिस्क उचलून न्यायलाच, याबद्दल मला तिळमात्र शंका नव्हती.

नवरा मुंबईहून त्यांना गाडीने घेऊन आला. मी दारातच पाण्याचा ग्लास पुढे केला. त्यांनी दोन्ही हातांनी घेतला, सावकाश प्यायले, घरच्यांची विचारपूस केली. सगळं रीतसर. पण माझ्याशी बोलताना त्यांचे डोळे माझ्या डोळ्यांत नव्हते. जरा बाजूला, कानापाशी कुठेतरी. तोंडावर बघून बोलवत नाही ना, मी मनात म्हटलं. मनात काळंबेरं असलं की असंच होतं.

दुसऱ्या दिवशी काम सुरू झालं. मी त्यांची खुर्ची माझ्या बरोबरीने ठेवली होती, त्यांनी ती मागे सरकवली. पडद्याकडे कमी, माझ्याकडेच जास्त बघत बसायचे. मान तिरकी करून. मी थांबले की विचारायचे, "का थांबलीस? काय बघितलंस?" मी सांगायचे, आईंनी पदर सावरला, तिथे कापावं की सावरून झाल्यावर, ते बघतेय. ते म्हणायचे, "तुला काय वाटतं?" मी सांगितलं की म्हणायचे, "छान. पुढे."

छान! अहो, हा तो माणूस आहे, ज्याने एका पापणीच्या उघडझापीवरून माझ्याशी फोनवर तास न् तास भांडण केलंय. जो म्हणायचा, तू कापलेलं मला आवडलं तर समज की मी आजारी आहे. आता सगळंच छान? कुठेतरी पाणी मुरत होतं.

त्यात आणखी एक नवीन. संध्याकाळी काम उरकलं की म्हणायचे, "आजचं कापलेलं पाठवून दे, घरी दाखवायचंय." एक लिंक दिली होती. घरी कुणाला? तर "घरी." बस्स. मग सकाळी गॅलरीत उभं राहून फोन. त्यांची भाषा मी आयुष्यभर कापली, पण बोलता येत नाही. चार शब्द तेवढे कळतात. 'दाबी' म्हणजे नाही. फोनवर दाबी, दाबी, दाबी चाललेलं असायचं. मी स्वयंपाकघरात पोहे परतत कान तिकडे लावून उभी. कुणाला नाही म्हणतायत? कशाला? मला विचारायचं तर माझ्यासमोर विचारावं ना, गॅलरीत काय?

रविवारी नवऱ्याने त्यांना वणीला नेलं. परत आला तो चकित. "अगं, समोर एवढा सप्तशृंगीचा डोंगर, सगळे वर बघतायत, आणि हे आपले तोंड वाऱ्याकडे करून उभे. बघितलंच नाही! मी बोट दाखवलं तर म्हणाले, हो, फार मोठा आहे."

"लक्ष नसेल," मी म्हटलं. "मन डिस्कमध्ये अडकलंय."

"तू पण ना," तो म्हणाला. "कावीळ झालीय तुला."

झाली असेल. पण मला आता सोक्षमोक्ष लावायचा होता. हा माणूस खरंच सिनेमा बघतोय, की त्याने तो मनातून कुणालातरी देऊन टाकलाय आणि इथे नुसता वेळ काढतोय? मी त्यांची परीक्षा घ्यायची ठरवली.

आमच्यात शॉट उलटवणं म्हणून एक प्रकार असतो. आरशात दिसावं तशी डावी बाजू उजवीकडे करायची. दोन माणसं एकमेकांकडे बघताहेत असं वाटत नसलं, की एकाचा शॉट उलटवून टाकतात, जमून जातं. एका जुन्या सिनेमात मी असं केलं होतं आणि त्यात एक जावई सासऱ्याला डाव्या हाताने काहीतरी देताना दिसायला लागला. तेव्हा हेच दिग्दर्शक फोनवर इतके कडाडले होते की मी फोन कानापासून लांब धरला होता. त्यांच्याकडे डाव्या हाताने देणं म्हणजे समोरच्याच्या तोंडावर थुंकणं. आपणही प्रसाद डाव्या हातात घेत नाही, पण आपण रागावून सोडून देतो. तिकडे त्यावरून घरं तुटतात.

तर मी मुद्दाम तो शॉट काढला ज्यात त्यांची आई परक्या माणसाला पाण्याचा वाडगा देते. उलटवला. आता ती माउली डाव्या हाताने पाणी देत होती. गेलेल्या बाईशी असा खेळ करू नये. पण केला. आणि लावून दाखवला.

ते मान तिरकी करून बसले होते. शॉट संपला. हसले. म्हणाले, "छान. आईचं हे फार छान झालंय."

म्हणजे बघतसुद्धा नव्हते! स्वतःची आई, आणि बघत नव्हते. मग माझा असा संताप झाला की काय सांगू. जायचंय ना सिनेमा दुसऱ्याकडे, जाऊ दे! संध्याकाळी मी तो शॉट तसाच ठेवून दिवसभराचं काम त्या लिंकवर पाठवून दिलं. ज्याला बघायचंय त्याने बघावं.

सकाळी गॅलरीतल्या फोनमधून कुणातरी बाईचा आवाज आत स्वयंपाकघरापर्यंत आला. ती ओरडत होती, मध्येच रडत होती. यांच्याकडून दाबी नाही, काही नाही. फोन ठेवून ते आत आले, तेव्हा मी पहिल्यांदा बघितलं की ते दाराच्या चौकटीवरून हात फिरवत येतात.

"सिस्टर," ते म्हणाले, "माझी आई डाव्या हाताने पाणी देतेय?"

"तुम्ही काल बघितलंत ना," मी ताडकन म्हटलं. "छान म्हणालात."

ते खुर्चीच्या पाठीला धरून उभे राहिले. मग म्हणाले, "मी नाही बघितलं."

"मग काय करत होतात?"

"मला दिसत नाही. मधलं सगळं गेलंय. कडेकडेचं दिसतं. तुझ्याकडे सरळ बघितलं तर तुझं तोंड नाहीसं होतं, कान राहतो."

मी पोह्यांची कढई हातात धरून तशीच. अगं बाई, एवढा वेळ मी माणसाच्या डोळ्यांत लबाडी शोधत होते आणि त्या डोळ्यांत काही उरलंच नव्हतं. शॉट का उलटवला, ते मी सांगून टाकलं. त्यांनी ऐकून घेतलं, रागावले नाहीत. रागावले असते तर बरं वाटलं असतं.

मग त्यांनी त्यांचं सांगितलं. शूटिंगच्या वेळीच डोळे अंधुक व्हायला लागले होते. मग बिघडतच गेले. बाहेर कुणाला कळू दिलं नाही. आंधळ्या दिग्दर्शकाला पुढचा सिनेमा कोण देणार? मोजक्या जवळच्यांना तेवढं माहीत. फोनवरची बाई म्हणजे त्यांची मुलगी. ती रोज म्हणत होती, सिनेमा घरी आणा, इथल्या एडिटरकडे देऊ, मी शेजारी बसेन, आपली भाषा समजणारं माणूस हवं. त्याला ते नाही, नाही म्हणत होते.

"मग रोज तिला पाठवायला का लावत होतात?" मी विचारलं.

"तू मला जे सांगतेस, तेच पडद्यावर आहे का, हे ती मला सांगायची."

"म्हणजे माझी तपासणी!" माझा आवाज चढला. "इतक्या वर्षांनी?"

"आणि तू काय केलंस?"

चोराच्या मनात चांदणं म्हणतात, इथे तर दोन्ही चोर एकाच खोलीत आठवडाभर बसले होते. मी कढई खाली ठेवली. त्यांना हाताला धरून एडिट रूममधल्या त्यांच्या खुर्चीपाशी नेलं. आता ती खुर्ची मी माझ्या अगदी शेजारी ओढली.

"डिस्क न्यायला आलात, हो ना?" मी विचारलंच. स्वभावाला औषध नाही.

"हो," ते म्हणाले. "आलो तेव्हा अर्धं ठरलं होतं. आता मला एकच सांग. शेवटचा शॉट कसा आहे?"

शेवटच्या शॉटमध्ये त्यांची आई रस्त्याने लांब चालत जाते आणि एकदा मागे वळून बघते. एवढाच. तो एकदाच घेतला होता, आणि ती वळते त्या क्षणी फोकस गेला होता. तोंडाच्या जागी नुसता पांढुरका डाग. मला वाटलं होतं की त्यांनी तो जाणूनबुजून तसा ठेवलाय, दिग्दर्शकाची मर्जी, आईचा शॉट, आपण कशाला बोला. आता कळलं की त्यांना माहीतच नाही. आणि त्यांना काय उत्तर हवंय तेही कळलं. सुंदर, एवढं म्हटलं असतं तर काम झालं असतं. सिनेमा कदाचित माझ्याकडेच राहिला असता. खरं बोलले तर हा माणूस आईच्या शेवटच्या शॉटवरून तुटणार, आणि तुटलेला माणूस डिस्क घेऊन मुलीकडेच जाणार. कोण जाणार नाही?

"फोकस नाही," मी म्हटलं. "त्या वळतात तेव्हा तोंड दिसत नाही."

खाली कुणीतरी गाडीचा हॉर्न वाजवत होतं, ते वाजवतच राहिलं.

"कॅमेरामन म्हणाला, लख्ख दिसतं," ते शेवटी म्हणाले. "मुलगी म्हणाली, आजी वळून हसते. मी रोज झोपताना ते हसणं बघतो." मग मान तिरकी करून विचारलं, "हसते का ती?"

"मला नाही कळत. खरंच नाही कळत."

"मग काय कळतं?"

मी शॉट पुन्हा लावला. पुन्हा लावला. माझं मलाच रडू येत होतं, पण पदराने डोळे पुसून नीट बघितलं, कारण आता बघणारं मीच होते.

"त्या कॅमेऱ्याकडे बघत नाहीत," मी म्हटलं. "मान कॅमेऱ्याच्या शेजारी वळलीय. तिकडे कुणीतरी उभं असणार."

"मी उभा होतो," ते म्हणाले आणि ओंजळीत तोंड लपवून लहान पोरासारखे रडले. मी पाणी आणलं. दोन्ही हातांनी दिलं.

मग त्यांनी मुलीला फोन लावला, तिथेच, माझ्यासमोर. बोलून झाल्यावर मला म्हणाले, "तिला सांगितलं, उद्यापासून काही पाठवणार नाही. सिनेमा इथेच संपेल. तो शॉट तसाच ठेव." मग खुर्चीत सावरून बसले आणि म्हणाले, "पहिल्यापासून लाव. सगळं सांग मला. काय काय दिसतं ते."

मी पहिल्या शॉटवर गेले आणि सांगायला लागले. सकाळ आहे, अंगण झाडलेलं आहे, आई उंबऱ्यावर बसल्यात. ते डोळे मिटून मान हलवत होते. मी चुकीचं सांगितलं असतं तरी आता ते पकडायला कुणी नव्हतं, आणि मला इतकी भीती आयुष्यात कधी वाटली नव्हती.